शरीरांतील पाझर



वाईच्या घाटावर बसून मातीचा कोरा घडा गळ्यापर्यंत कृष्णेच्या पाण्यांत धरला, आणि त्याचें तोंड मात्र पाण्याबाहेर राहूं दिलें, तर कांहीं वेळानें घड्याच्या आंतल्या अंगाला ओल दिसूं लागते, मग थेंब जमतात आणि शेवटीं तळाशीं पाणी सांचतें. वरून कोणीं ओतलेलें नसतें आणि घडा फुटलेलाहि नसतो. ही गोष्ट कुंभाराला ठाऊक असते, पाणी भरणाऱ्या बायांना ठाऊक असते. परंतु तिच्यावरून मनुष्यदेहाविषयीं एक विचार मांडण्याची बुद्धि झाली ती सुश्रुताला. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानांत, मुतखड्याचें प्रकरण चाललें असतां, मूत्राशयांत मूत्र कसें जमतें हें समजावून देण्यासाठीं हाच कोऱ्या घड्याचा दृष्टान्त योजिलेला आहे. हजारों सूक्ष्म वाहिन्या मूत्र आणून सोडतात. त्यांचीं मुखें इतकीं बारीक कीं तीं दिसत नाहींत. आणि पाण्यांत ठेवलेला नवा घडा जसा चोहों अंगांनीं पाझरून भरतो तसा मूत्राशय भरतो, असा त्या वचनाचा आशय आहे.

हा घड्याचा प्रयोग मीं माझ्या विद्यार्थ्यांना पुष्कळ वर्षें करून दाखविला. मॅट्रिक होऊन मीं शिक्षकाचा पेशा पत्करला तो ह्याच तालुक्यांत. आमच्या शाळेंत प्रयोगशाळा म्हणावी अशी खोली नव्हती. पण बादली होती आणि घडा होता. एके वर्षीं एका मुलानें मला विचारलें, "गुरुजी, पाण्याला आंत ढकलतें कोण?" मीं "दाब" असें एका शब्दांत उत्तर दिलें आणि धडा पुढें चालविला. त्या एका शब्दांत काय काय भरलें आहे हें मला स्वतःला नीट कळलें तें फार उशिरां, माझ्या थोरल्या बंधूंच्या आजारपणांत. त्या शब्दाचा इतिहास आज आपल्यापुढें ठेवावा असा माझा विचार आहे.

सुश्रुताच्या दृष्टान्तांत बरोबर काय आणि अपुरें काय, हें प्रथम पाहूं. अदृश्य अशा अगणित वाटा आणि त्यांतून होणारा पाझर, ह्या दोन्ही कल्पना पुढें खऱ्या ठरल्या. मात्र पाझराचें ठिकाण निराळें निघालें. वृक्क, म्हणजे ज्यांना आपण मूत्रपिंडें म्हणतों, तीं आपल्या प्राचीन वैद्यांना माहीत होतीं. पण त्यांचा संबंध त्यांनीं रक्त व मेद ह्यांच्याशीं जोडला होता आणि मूत्राचा उगम आंतड्यांच्या बाजूस मानला होता. पाश्चात्य देशांत दुसऱ्या शतकांत गालेन नांवाच्या वैद्यानें जिवंत जनावराच्या मूत्रपिंडांतून निघणाऱ्या नळ्या दोऱ्यानें बांधून दाखविलें कीं, मग मूत्राशय कोरडा राहतो आणि नळ्या वरच्या बाजूस फुगतात. मूत्र मूत्रपिंडांतच तयार होतें हें त्यानें सिद्ध झालें. परंतु रक्तांतून तें वेगळें कसें होतें, ह्या प्रश्नाला गालेनपाशीं एवढेंच उत्तर होतें कीं, मूत्रपिंडाच्या अंगीं तसें ओढून घेण्याची शक्ति आहे. शक्ति म्हटली कीं प्रश्न मिटल्यासारखा वाटतो. सुटत मात्र नाहीं. पुढें सुमारें दीड हजार वर्षें तो तसाच राहिला.

१६२८ सालीं इंग्लंडांत विल्यम हार्वे ह्यानें रक्त हृदयांतून निघून सर्व शरीरांत फिरतें व परत हृदयांतच येतें, हें सप्रमाण मांडलें. पण रक्त नेणाऱ्या धमन्या आणि परत आणणाऱ्या शिरा ह्यांची सांधजोड कोठें होते, हें त्याला दिसलें नाहीं. साध्या डोळ्यांना तें दिसणें शक्यच नव्हतें. १६५९ सालीं अफझलखानाची छावणी आमच्या वाईस पडली होती आणि त्याच वर्षीं प्रतापगडाखालीं त्याचा शेवट झाला, हें आपणांस ठाऊकच आहे. त्यानंतर अवघ्या दोन वर्षांनीं, १६६१ सालीं, इटलींतील बोलोन्या शहरीं मार्चेल्लो माल्पीघी ह्यानें बेडकाच्या फुप्फुसावर सूक्ष्मदर्शक धरला आणि केंसाहून बारीक अशा रक्तवाहिन्यांचें जाळें प्रथम पाहिलें. ह्याच त्या केशवाहिन्या. पुढें १६६६ मध्यें, ज्या वर्षीं शिवाजीमहाराज आग्र्याहून निसटले त्याच वर्षीं, त्यानें मूत्रपिंडाविषयींहि आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. मूत्रपिंडाच्या धमनींत त्यानें काळा रंग भरला, तेव्हां फांद्यांना सफरचंदें लटकावीं तसे रक्तवाहिन्यांच्या टोकांना बारीक काळे ठिपके लोंबतांना दिसले. प्रत्येक ठिपका म्हणजे केशवाहिन्यांचा गुंडाळलेला एक गुच्छ. एका मूत्रपिंडांत असे सुमारें दहा लाख गुच्छ असतात, असें आज आपण जाणतों. सुश्रुतानें ज्यांचीं मुखें दिसत नाहींत म्हणून सांगितलें, तशा सूक्ष्म वाटा अखेर दृष्टीस पडल्या.

वाट सांपडली, पण तींतून ढकलणारा कोण? त्याचें माप घेणारा पहिला मनुष्य वैद्य नव्हता, तर धर्मोपदेशक होता. टेडिंग्टन गांवचा पाद्री स्टीफन हेल्स ह्यानें एका घोडीला आडवी बांधून तिच्या मांडीच्या धमनींत पितळी नळी बसविली आणि तिला कांचेची उंच नळी जोडली. रक्त त्या नळींत चढूं लागलें तें हृदयाच्या पातळीपासून आठ फूट तीन इंच उंचीपर्यंत जाऊन थांबलें. आपल्या साध्या घराच्या दाराची चौकट तरी एवढी उंच असते काय? ही हकीकत त्यानें १७३३ सालीं छापली. त्या वेळीं साताऱ्यास शाहूमहाराजांचें राज्य होतें आणि बाजीराव जंजिऱ्याच्या मोहिमेंत गुंतले होते. इतकी उंच नळी घेऊन कोण किती प्राणी मोजणार? १८२८ मध्यें फ्रान्सांत प्वाझय ह्यानें नळींत पाण्याच्या साडेतेरा पट जड असा पारा घातला आणि उंची आटोक्यांत आणली. आज डॉक्टर आपणांस "एकशें वीस" म्हणतात, ते पाऱ्याचे मिलिमीटर होत. त्यांची परंपरा ही अशी आहे.

दाब आहे हें कळलें, तो मोजतांहि आला. तरी मूत्र दाबानेंच गाळलें जातें हें सर्वांनीं मानलें असें मात्र नाहीं. येथें एक मोठा वाद उभा राहिला, आणि तो पाऊणशें वर्षांहून अधिक काळ चालला. १८४२ सालीं लंडनचा विल्यम बोमन ह्यानें दाखविलें कीं, प्रत्येक गुच्छ एका बारीक पेल्यांत बसविलेला असतो आणि त्या पेल्यापासून एक लांब नलिका निघते. त्याच वर्षीं जर्मनींत मारबुर्ग येथें कार्ल लुडविग ह्या तरुण शास्त्रज्ञानें मत मांडलें कीं, हें सारें गाळण्याचें यंत्र आहे: रक्ताच्या दाबानें पाणी व त्यांत विरघळलेले बारीक पदार्थ गुच्छाच्या भिंतींतून पेल्यांत ढकलले जातात, रक्तपेशी व प्रथिनें मागें राहतात, आणि पुढें नलिकेंत बहुतेक पाणी परत शोषलें जाऊन उरलेलें तें मूत्र. ह्यावर ब्रेस्लौचा रुडॉल्फ हायडेनहाइन ह्यानें जोराचा आक्षेप घेतला. तो म्हणे, रक्तांत युरिया किती थोडा, आणि मूत्रांत किती दाट! एवढा युरिया केवळ गाळून काढावयाचा तर रोज कितीतरी घागरी द्रव गाळून पुन्हा तो सर्व परत घ्यावा लागेल. असा आंतबट्ट्याचा व्यवहार निसर्ग कां करील? तेव्हां मूत्र गाळलें जात नाहीं. जिवंत पेशी तें घडवितात.

आक्षेप हुशारीचा होता, आणि त्याच्या पाठीशीं एक जुनी भावना होती, हेंहि सांगितलें पाहिजे. देहांत जें चालतें तें केवळ पाणी, नळी आणि दाब ह्यांनीं चालतें असें म्हटलें, तर सजीवाचा कांहीं मान कमी होतो, असें पुष्कळांना वाटे. अजूनहि वाटतें.

ह्या वादाचा तोल ज्यानें फिरविला त्या अर्नेस्ट स्टार्लिंगचा आपल्या मुंबईशीं एक धागा आहे. १८६६ मध्यें त्याचा जन्म लंडनला झाला. पण वडील मॅथ्यू हेन्री स्टार्लिंग हे बॅरिस्टर होते आणि मुंबईस क्लार्क ऑफ दि क्राउन ह्या हुद्द्यावर नोकरीस होते. हिंदुस्थानच्या फौजदारी कायद्यावरील त्यांचा ग्रंथ त्या काळीं वकील लोकांच्या टेबलावर असे. बाप मुंबईस, मुलें विलायतेस, अशा घरांत हा मुलगा वाढला.

१८९६ सालीं स्टार्लिंगनें जें दाखविलें तें ऐकावयास सोपें आहे. केशवाहिनीच्या भिंतीशीं एक नव्हे, दोन बळें काम करीत असतात. एक रक्ताचा दाब. तो पाणी बाहेर ढकलतो. दुसरें बळ रक्तांतील प्रथिनांचें. तें पाणी आंत ओढतें. हें दुसरें बळ आपल्या घरांतलें आहे. मनुके पाण्यांत टाकले कीं फुगतात. सालीच्या आंत साखर दाट, बाहेर पाणी पातळ, म्हणून पाणी दाट बाजूकडे जातें. ह्या क्रियेला मराठी विश्वकोशानें 'तर्षण' हा शब्द दिला आहे, आणि त्या विश्वकोशाचें संपादन तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी ह्यांनीं ह्या वाई गांवीं बसूनच केलें; त्याचा पहिला खंड १९७६ सालीं निघाला. केशवाहिनीच्या भिंतींतून मीठ, साखर जातात. मोठीं प्रथिनें जाऊं शकत नाहींत. म्हणून रक्ताची बाजू नेहमीं दाट राहते, आणि ती बाहेरचें पाणी ओढून धरते. स्टार्लिंगनें कुत्र्याच्या पायाच्या मांसांत मिठाचें पाणी भरलें, तर तें रक्तांत शोषलें गेलें. त्याच ठिकाणीं प्रथिनयुक्त रक्तजल भरलें, तर तें तसें शोषलें गेलें नाहीं. ओढ प्रथिनांची आहे हें त्यावरून उघड झालें.

आंकडे द्यावयाचे तर, केशवाहिनीच्या आरंभीं रक्ताचा दाब पाऱ्याचे सुमारें ३५ मिलिमीटर असतो, शेवटीं सुमारें १५. आणि प्रथिनांची ओढ सुमारें २५. आरंभीं ढकल जास्त, शेवटीं ओढ जास्त. म्हणजे आपल्या सर्व शरीरभर, अहोरात्र, ह्या दोन बळांची रस्सीखेच चाललेली असते, आणि ती जवळजवळ बरोबरींत सुटते म्हणून आपण सुजतहि नाहीं आणि सुकतहि नाहीं.

ही बरोबरी मोडली म्हणजे काय होतें, हें आपल्या प्रांतानें फार जवळून पाहिलें आहे. १८७६ पासून १८७८ पर्यंत दख्खनेंत जो दुष्काळ पडला, त्यांत सातारा जिल्ह्याचा पूर्वभाग, माण-खटावकडचा मुलूख, होरपळून निघाला. १८७७ च्या आरंभीं सर रिचर्ड टेंपल ह्यांनीं दुष्काळी कामांवरील मजुरी दिवसास सुमारें एक पौंड धान्याच्या हिशेबावर आणली. मुंबई इलाख्यांत मजुरांनीं कामें सोडलीं. पुण्याच्या सार्वजनिक सभेनें गणेश वासुदेव जोशी ह्यांच्या पुढाकारानें खेडोपाडींची खरी स्थिति सरकारपुढें लेखी मांडली. अशा दुष्काळांत माणसें नुसतीं वाळत नाहींत; कित्येकांचे पाय, पोट, चेहरा सुजतो. लोक म्हणत, "अंगावर पाणी आलें." मद्रासेस अलेक्झांडर पोर्टर ह्या डॉक्टरानें त्या दुष्काळांत मेलेल्यांचीं शवें तपासलीं आणि १८८९ मध्यें त्यावर ग्रंथ प्रसिद्ध केला. उपाशी माणूस फुगावा कां? ह्याचा उलगडा होण्यास स्टार्लिंगची रस्सीखेच उपयोगी पडली. अन्नांत प्रथिनें नाहींत, रक्तांतलीं हळूहळू घटतात, आंत ओढणारें बळ ढिलें पडतें, आणि दाब ढकलतच राहतो. मग पाणी मांसांत सांचतें. उपासाच्या सुजेचें हेंच एक कारण नव्हे. मिठाचा सांठा, हृदयाचा अशक्तपणा, पेशींची झीज हींहि तींत असतात, असें पुढच्या संशोधनानें दाखविलें. पण ज्या हिशेबानें एका मजुराच्या पोटाला एक पौंड धान्य पुरे ठरविलें, त्या हिशेबांत डाळीला, दुधाला, म्हणजे ह्या ओढणाऱ्या बळाला, जागा नव्हती, एवढें खरें.

१९७२ च्या दुष्काळांत मी बारा वर्षांचा होतों. माणच्या बाजूस आमच्या आजोळीं दुष्काळी कामावर खडी फोडणाऱ्या बाया मीं पाहिल्या आहेत, आणि तेथें वांटली जाणारी सुकडी मीं खाल्लीहि आहे. प्रथिनयुक्त पीठ घालून केलेली ती गोडसर, भाजक्या वासाची वडी आम्हां पोरांना खाऊ वाटे. सरकारच्या त्या व्यवस्थेंत उणिवा असतील; परंतु शंभर वर्षांपूर्वींच्या एक पौंड धान्याच्या जागीं प्रथिनांची वडी आली, ह्यांत शरीरशास्त्राचा अभ्यास करणाऱ्यांचाहि कांहीं हात होता, हें मला पुष्कळ वर्षांनीं उमगलें.

आतां मूत्रपिंडाकडे वळूं. इतर ठिकाणीं रस्सीखेच बरोबरींत सुटते. येथें निसर्गानें ती मुद्दाम एका बाजूला झुकविली आहे. हृदयांतून दर मिनिटास निघणाऱ्या रक्ताचा सुमारें पांचवा हिस्सा एकट्या मूत्रपिंडांना मिळतो. शिवाय गुच्छांतून रक्त बाहेर पडण्याची वाटहि एक लहान धमनीच असते आणि ती अरुंद असते. पाटाच्या खालच्या अंगाला फळी लावून पाणी तुंबविलें कीं वरच्या वाफ्यांत पाणी चढतें, हें आपल्याकडचा प्रत्येक बागाईतदार जाणतो. तीच युक्ति येथें आहे. म्हणून गुच्छांतील दाब सुमारें ५५ मिलिमीटरपर्यंत राहतो. त्यांतून प्रथिनांची ओढ सुमारें ३० आणि पेल्यांतील द्रवाचा उलट दाब सुमारें १५ वजा केला, तर उरतात दहा. ह्या दहा मिलिमीटरांवर आपला जीव आहे. तेवढ्या बळानें मिनिटास सुमारें १२५ घन सेंटिमीटर, म्हणजे दिवसास सुमारें १८० लिटर द्रव गाळला जातो. शरीरांत रक्तजल अवघें तीन लिटर. म्हणजे तें सारें दिवसांतून साठ वेळां गाळून निघतें. त्यांतला शेंकडा ९९ भाग नलिका परत घेतात आणि दीड लिटर मूत्र होतें. हायडेनहाइनला जो व्यवहार आंतबट्ट्याचा वाटला, तोच निसर्ग करीत आला आहे. त्यांत शहाणपणहि आहे: सगळें बाहेर काढून कामाचें तेवढें परत घ्यावयाचें, म्हणजे नको असलेला पदार्थ कोणता हें आधीं ओळखण्याची गरज राहत नाहीं.

स्टार्लिंगनें १८९९ मध्यें मूत्रपिंडाविषयीं हा हिशेब मांडला. तरी प्रत्यक्ष पुरावा मिळण्यास आणखी पंचवीस वर्षें लागलीं. १९२४ सालीं अमेरिकेंत फिलाडेल्फिया येथें वर्न आणि रिचर्ड्स ह्यांनीं केंसाहून बारीक कांचेची नळी बेडकाच्या मूत्रपिंडांतील एका पेल्यांत शिरविली आणि तेथला द्रव शोषून घेतला. त्यांत प्रथिनें नव्हतीं, पण साखर होती. आणि त्याच बेडकाच्या मूत्राशयांतल्या मूत्रांत साखर नव्हती. ह्याचा अर्थ, पेल्यांत जें आलें तें रक्ताचें गाळलेलें पाणी, आणि साखर वाटेंत परत घेतली गेली. वादाचा निकाल लागला. तो लागला त्यांत दोघांचाहि मान राहिला: गाळण्याचें काम दाबाचें, ही लुडविगची बाजू खरी, आणि परत घेण्याचें काम जिवंत पेशींचें, ते करण्यास शक्ति खर्च होते, ही हायडेनहाइनच्या बाजूची गोष्टहि खोटी नव्हे.

स्टार्लिंगच्या सिद्धान्तालाहि काळानें दुरुस्ती केली आहे. केशवाहिनीच्या आंतल्या अंगास साखर आणि प्रथिनें ह्यांचा एक मऊ थर असतो, आणि खरी रस्सीखेच त्या थरापाशीं चालते. बहुतेक अवयवांत बाहेर गेलेलें पाणी केशवाहिनीच्या शेवटीं परत न येतां लसीकावाहिन्यांच्या मार्गानें रक्तांत परततें, असें २०१० मध्यें लेविक व मिशेल ह्या शास्त्रज्ञांनीं मांडलें, आणि तें मत आतां बरेंच रूढ झालें आहे. दोन बळें तीच; हिशेब अधिक बारीक झाला, इतकेंच.

परंतु जें बळ गाळतें तेंच वाढलें तर गाळणी फाडतें. ही ह्या इतिहासाची दुसरी बाजू. ज्या १८९६ सालीं स्टार्लिंगचा निबंध निघाला त्याच सालीं इटलींत रीव्हा-रोच्ची ह्यानें दंडाला पट्टा बांधून रक्तदाब मोजण्याचें साधन प्रसिद्ध केलें. घोडीची धमनी न कापतां दाब मोजतां येऊं लागला. मोजतां आला, तरी तो उतरविणारें खात्रीचें औषध फार काळ नव्हतें. त्या कामीं एक मोठें पाऊल मुंबईंत पडलें. के. ई. एम. रुग्णालयांतील डॉ. रुस्तुम जाल वकील ह्यांनीं आपल्या देशांतील सर्पगंधा ह्या वनस्पतीचा उपयोग रक्तदाबाच्या रोग्यांवर करून त्याचे निष्कर्ष १९४९ सालीं ब्रिटिश हार्ट जर्नल ह्या नियतकालिकांत प्रसिद्ध केले. त्याआधीं १९३१ मध्यें कलकत्त्यास सेन व बोस ह्यांनीं ह्या मुळीचा गुण नोंदविला होता. पण जगाचें लक्ष वेधलें तें वकिलांच्या निबंधानें, आणि १९५७ मध्यें त्यांना अमेरिकेचें लास्कर पारितोषिक मिळालें. सर्पगंधेनें मन खिन्न होण्याचा दोष पुढें दिसून आला आणि अधिक चांगलीं औषधें निघालीं, म्हणून आज ती क्वचितच देतात. त्यांतल्या एका औषधाचा उगम ब्राझीलमधील एका सापाच्या विषाच्या अभ्यासांत आहे. तें गुच्छाबाहेर जाणारी अरुंद वाट थोडी सैल करतें, म्हणजे पाटाची फळी किंचित् उचलतें, आणि गुच्छावरचा ताण कमी होतो.

हा ताण इतका महत्त्वाचा कां, हें १९८२ सालीं ब्रेनर व त्यांचे सहकारी ह्यांनीं अमेरिकेंत स्पष्ट केलें. कांहीं गुच्छ निकामी झाले कीं उरलेल्यांवर जादा काम पडतें. त्यांतला दाब चढतो. म्हणून तेहि झिजतात. मग आणखी थोड्यांवर आणखी बोजा. गेलेला गुच्छ पुन्हा उगवत नाहीं. आणि ह्या सर्व काळांत मनुष्याला दुखत मात्र कांहीं नाहीं.

माझ्या बंधूंना दुखलें नाहीं. ते माझ्याहून आठ वर्षांनीं वडील. धिप्पाड, कष्टाळू आणि डॉक्टरकडे जाणें म्हणजे पैसा उधळणें असें मानणारे. मधुमेह असल्याचें ठाऊक होतें, पण पथ्य मनावर घेतलें नाहीं. रक्तदाब तर कधीं मोजलाच नव्हता. बावन्नाव्या वर्षीं एके सकाळीं चपलेचा पट्टा बसेना म्हणून पाय पाहिले, तों सुजलेले. मीं घोट्याजवळ बोट दाबलें. खळगा पडला आणि बराच वेळ तसाच राहिला. लघवीला फेंस येत असल्याचें तेव्हां त्यांनीं सांगितलें. गाळणी फाटली होती, प्रथिनें वाहून चाललीं होतीं, आणि ओढणारें बळ ढिलें पडून पाणी पायांत उतरलें होतें; दुष्काळांतल्या माणसाची सूज भरल्या घरांत आली होती. रक्तदाब मोजला तो दोनशेंच्या वर. पुढें चार वर्षें कृत्रिम मूत्रपिंडाच्या यंत्रावर आठवड्यांतून दोनदां जाणें झालें. विलेम कोल्फ नांवाच्या डच डॉक्टरानें १९४३ सालीं, देश जर्मनांच्या ताब्यांत असतां, सेलोफेनच्या नळीचें पहिलें यंत्र बनविलें. त्याच्या वंशजापाशीं मी बंधूंच्या उशाशीं बसलेला असें आणि नळींतून त्यांचें रक्त फिरतांना पाहत असें. मनुष्याच्या मूत्रपिंडाचें आरोपण करण्याचा हिंदुस्थानांतील पहिला प्रयत्न १९६५ सालीं त्याच के. ई. एम. रुग्णालयांत झाला, हेंहि मला तेव्हांच वाचून कळलें. आमच्या बंधूंच्या नशिबीं तो मार्ग नव्हता. छप्पन्नाव्या वर्षीं ते गेले.

त्यांना मीं दोष देत नाहीं. दोष द्यावयाचा तर स्वतःला देतों. दरवर्षीं बादलींत घडा बुडवून "दाब" हा शब्द फळ्यावर लिहिणारा मी. पण घरांतल्या वडील माणसाच्या दंडाला एकदां पट्टा बांधवून घ्यावा, हें मला सुचलें नाहीं. पांच मिनिटांचें काम होतें. मूत्राची साधी तपासणी पुरी झाली असती. फाटूं लागलेली गाळणी तेव्हांच प्रथिनें दाखविते आणि त्या वेळीं फळी उचलणारीं औषधें कामास येतात.

त्या मुलाच्या प्रश्नाला आज मी निराळें उत्तर देईन. पाण्याला आंत ढकलतें कोण? घड्याच्या बाहेर जो पाण्याचा थर आहे त्याचें वजन ढकलतें. आणि शरीरांत तेंच काम हृदय करतें, जन्मापासून शेवटच्या क्षणापर्यंत. त्यांत गूढ कांहीं नाहीं, आणि त्यामुळें देहाचा मान कमीहि होत नाहीं. जें बळ मोजतां येतें त्याला आवरतांहि येतें; मात्र वेळेवर मोजलें पाहिजे. आपल्या घरांत चाळिशी उलटलेलें कोणी असेल, आणि "मला कांहीं होत नाहीं" असें म्हणत असेल, तर ह्या आठवड्यांत त्यांना घेऊन जा, आणि तो आंकडा एका कागदावर लिहून ठेवा. एवढेंच माझें मागणें आहे.